तांबड्या शाईचा अन्याय

शुद्धलेखनाच्या वह्या तपासावयास घेतल्या की, प्रत्येक वर्गात एखाद-दुसरी वही तांबड्या शाईने माखलेली निघते. तिचा धनी आळशी असला पाहिजे, ही समजूत अनेक शिक्षकांच्या व पालकांच्या मनातून अद्याप गेलेली नाही.

वस्तुतः १८९६ सालीच डॉ. प्रिंगल मॉर्गन या इंग्लिश डॉक्टरने ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये चौदा वर्षांच्या पर्सी नामक मुलाची हकीकत प्रसिद्ध केली होती. मुलगा चलाख, गणितात चांगला; परंतु स्वतःचे नाव लिहिताना त्याने अक्षरांची अदलाबदल केली, आणि वारंवार लक्ष वेधल्यावाचून ती चूक त्यास उमगली नाही.

मराठीत अशा मुलांची वाट निराळ्या ठिकाणी अडते. उच्चारात मागून येणारी ऱ्हस्व वेलांटी लिहिताना अक्षराच्या आधी येते. ‘ध’ आणि ‘घ’, ‘भ’ आणि ‘म’ यांत भेद केवळ एका गाठीचा वा रेघेचा. ऱ्हस्व-दीर्घ तर कानाला बहुधा कळतच नाहीत. ते डोळ्यांनी लक्षात ठेवावे लागतात, आणि नेमके तेच या मुलांना जमत नाही. नियम न शिकलेला मुलगा तीच चूक पुनःपुन्हा करतो. हा मुलगा एकच शब्द एकाच पानावर तीन तऱ्हांनी लिहितो.

आम्ही शिक्षकी पेशात असताना अशाच एका मुलाकडून ‘विद्यार्थी’ हा शब्द पन्नास वेळा लिहवून घेतला होता. शेवटच्या दहा ओळी पहिल्या दहांहून अधिक अशुद्ध उतरल्या. त्याच मुलाने आग्र्याहून सुटकेचा प्रसंग तोंडी सांगितला, तेव्हा मागची बाकेसुद्धा स्तब्ध झाली होती. तरीही परीक्षेत आम्ही त्याचे गुण कापले.

महाराष्ट्र शासनाने १९९६ पासून अशा विद्यार्थ्यांस शालान्त परीक्षेत सवलती देऊ केल्या; २०१६ च्या कायद्याने अध्ययन-अक्षमतेस अपंगत्वाच्या यादीत स्थानही दिले. मात्र प्रमाणपत्रासाठी ठरावीक रुग्णालयांचे उंबरठे झिजवावे लागतात, आणि धावपळ सुरू होते ती बहुधा दहावी तोंडावर आल्यावर. मुलगा तिसरीतच स्वतःला ‘ढ’ समजू लागलेला असतो, त्याचे काय?

शुद्धलेखनाचा आग्रह सोडावा, असे आम्ही म्हणत नाही. आमच्या मुद्रितशोधकांस ते सहनही होणार नाही. परंतु इतिहासाच्या उत्तरपत्रिकेत इतिहासाचेच गुण द्यावेत, आणि भाषेच्या निबंधात आशय व लेखन यांचे गुण वेगळे मांडावेत. एवढ्यासाठी शासकीय परिपत्रकाची वाट पाहण्याचे कारण नाही. मुख्याध्यापकांनी मनावर घेतल्यास येत्या घटक चाचणीपासूनच हे करता येईल.