स्वस्त दारूचा हिशेब

स्कॉटलंड म्हटले की आपल्याला पहिल्यांदा आठवते ती व्हिस्की. त्याच स्कॉटलंडने दारू एका मर्यादेपेक्षा स्वस्त विकायला कायद्याने मनाई केली आहे, ही गोष्ट मात्र आपल्याकडे फारशी चर्चेत आलेली नाही. १ मे २०१८ पासून तेथे दारूच्या प्रत्येक युनिटला किमान ५० पेन्स हा दर लागू झाला आणि ३० सप्टेंबर २०२४ पासून तो ६५ पेन्स करण्यात आला. भारत-ब्रिटन व्यापार करारानुसार व्हिस्कीवरील आयातशुल्क १५० टक्क्यांवरून आधी ७५ आणि पुढे दहा वर्षांत ४० टक्क्यांपर्यंत उतरायचे आहे. म्हणजे स्कॉच आपल्याकडे स्वस्त होणार. अशा वेळी ती जिथून येते त्या देशाने स्वतःच्या घरात काय केले आणि का केले, हे समजून घ्यायला हवे.

युनिट म्हणजे दहा मिलिलिटर शुद्ध अल्कोहोल. चाळीस टक्के तीव्रतेच्या ७०० मिलिलिटर व्हिस्कीत अशी २८ युनिटे असतात. त्यामुळे आजच्या दराने ही बाटली १८ पौंड २० पेन्सच्या खाली विकता येत नाही. उंची व्हिस्की आधीच त्याहून महाग आहे, पबमधली बिअरही महाग आहे. त्यांना या कायद्याची झळ जवळजवळ बसत नाही. झळ बसते ती सुपरमार्केटातल्या सर्वांत स्वस्त मालाला. साडेसात टक्क्यांच्या सफरचंदी दारूची, म्हणजे सायडरची, तीन लिटरची बाटली पूर्वी तीन-चार पौंडांत मिळत असे. तिच्यात साडेबावीस युनिटे. ५० पेन्सच्या दराने तीच बाटली सव्वाअकरा पौंडांवर गेली. नेम नेमका येथेच होता. कारण सर्वाधिक पिणारे बहुधा सर्वांत स्वस्त दारू विकत घेतात आणि यकृत निकामी होऊन रुग्णालयात पोहोचणाऱ्यांतही तेच अधिक असतात.

ही कल्पना मंत्रालयातून आली नाही, डॉक्टरांकडून आली. २००६ मध्ये स्कॉटलंडमध्ये दारूने थेट होणाऱ्या मृत्यूंची संख्या १,४१७ वर गेली होती. त्याच वर्षी तेथील वैद्यकीय रॉयल कॉलेजांनी एकत्र येऊन दारूच्या प्रश्नावर काम करणारी संघटना उभी केली. रोज वॉर्डात तरुण वयातले सिरोसिसचे रुग्ण पाहणाऱ्या डॉक्टरांचे म्हणणे साधे होते : एकेका रुग्णाला उपदेश करून हा प्रश्न सुटणार नाही, दारू किती सहज आणि किती स्वस्त मिळते त्यालाच हात घालावा लागेल. स्वयंसेवी संस्थांनी ही मागणी लावून धरली आणि मे २०१२ मध्ये स्कॉटिश संसदेने कायदा केला.

पण कायदा होणे आणि तो अमलात येणे यांत सहा वर्षे गेली. व्हिस्की उत्पादकांच्या संघटनेने त्याला न्यायालयात आव्हान दिले. खटला स्कॉटलंडच्या न्यायालयांतून युरोपीय न्यायालयात गेला, परत आला आणि शेवटी नोव्हेंबर २०१७ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने कायदा वैध ठरवला. ‘आरोग्यासाठी कर वाढवा, किमान दर कशाला?’ हा उद्योगाचा प्रमुख युक्तिवाद होता. त्याचे उत्तर असे की, कर सगळ्याच दारूवर पडतो आणि मोठी दुकाने तो स्वतः सोसून माल स्वस्तच ठेवू शकतात. किमान दर मात्र थेट धोकादायक मालावर येऊन पडतो. याच काळात इंग्लंडसाठी असाच दर आणण्याची घोषणा कॅमेरून सरकारने केली आणि २०१३ मध्ये गुंडाळून ठेवली. तेथे तो आजही नाही.

इंग्लंडच्या या माघारीचा एक फायदा संशोधकांना झाला. शेजारी, बरेचसे सारखे राहणीमान, एकीकडे कायदा आहे आणि दुसरीकडे नाही, अशी तुलना आपोआप मिळाली. कायदा नसता तर स्कॉटलंडमध्ये किती मृत्यू झाले असते, याचा अंदाज त्यावरून बांधता आला. ‘लॅन्सेट’मध्ये २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार पहिल्या ३२ महिन्यांत दारूने थेट होणारे मृत्यू अपेक्षेपेक्षा १३.४ टक्क्यांनी कमी राहिले. म्हणजे वर्षाला सुमारे दीडशे माणसे वाचली. ही घट पुरुषांत आणि गरीब वस्त्यांत सर्वाधिक होती.

टीकाकार लगेच दुसरा आकडा पुढे करतात. २०२३ मध्ये असे १,२७७ मृत्यू झाले, २०१८ पेक्षा जास्त. मग कायद्याने साधले काय? प्रश्न रास्त आहे, पण हिशेब अपुरा आहे. करोनाकाळात घरातले पिणे वाढले आणि उपचार रखडले. इंग्लंडमध्येही मृत्यू वाढले, आणि तेही स्कॉटलंडपेक्षा मोठ्या प्रमाणात. नदीला पूर आलेला असताना बंधाऱ्याने पाणी किती अडवले हे पाहायचे, तर बंधारा नसलेल्या गावाकडे बघावे लागते. २०२४ मध्ये स्कॉटलंडमधला आकडा १,१८५ पर्यंत खाली आला.

तरीही या कायद्याच्या मर्यादा झाकून ठेवण्यात अर्थ नाही. ज्यांना दारूचे पूर्ण व्यसन जडले आहे, त्यांचे पिणे कमी झाल्याचा स्पष्ट पुरावा मिळाला नाही. त्यांच्यापैकी काहींनी जेवणावरचा खर्च कापून बाटली घेतली, असेही अभ्यासात दिसले. शिवाय हा कर नसल्याने वाढीव किमतीचे पैसे सरकारी तिजोरीत न जाता विक्रेत्यांच्या गल्ल्यात जातात. ज्यांच्या नावाने दर वाढवला त्यांच्या उपचारासाठी त्यातला पैसाही येत नसेल, तर धोरण अर्धेच राहते. किमान दर नवे व्यसनी कमी करू शकतो. जुन्या व्यसनींना डॉक्टर, समुपदेशक आणि खाट लागते.

या कायद्यातली सर्वांत अनुकरणीय गोष्ट मात्र वेगळीच आहे. सहा वर्षांनी संसदेने पुन्हा मंजुरी दिली नाही तर तो आपोआप रद्द होईल, अशी तरतूद त्यातच होती. त्यामुळे परिणाम मोजणे भाग पडले, अहवाल लोकांसमोर आले, त्यावर खडाजंगी झाली आणि एप्रिल २०२४ मध्ये पुरावा समोर ठेवून कायदा कायम करण्यात आला.

महाराष्ट्राला दारूविरोधी चळवळ नवी नाही. आडवी बाटली करण्यासाठी गावोगावच्या बायकांनी मतपेटीची लढाई लढली आहे. गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे. चंद्रपुरात ती २०१५ मध्ये आली आणि २०२१ मध्ये उठली. आपली चर्चा मात्र ‘बंदी हवी की महसूल हवा’ या दोन टोकांत अडकलेली राहते. स्कॉटलंडचा किमान दर येथे जसाच्या तसा चालेल असे नाही. जिथे हातभट्टी आणि बेकायदा दारू हाताशी आहे, तिथे महाग झालेला गिऱ्हाईक विषाकडे वळण्याचा धोका खरा आहे. पण तेथून प्रश्न विचारण्याची रीत नक्की घेता येईल. उत्पादनशुल्क वाढवताना वा घटवताना तिजोरीत किती येईल हे दरवेळी सांगितले जाते. त्याने किती यकृते वाचतील, किती घरे सावरतील, हे मोजून जाहीर करण्याची सक्ती कायद्यातच का असू नये? स्वस्त स्कॉच येईलच. तिच्यासोबत हा हिशेबही यायला हवा.