म्हणीतली जर्मनी आणि रुळांवरची परभणी

‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ ही म्हण आमच्या जिल्ह्यात प्रथम कोणी, केव्हा आणि कोणत्या भरात उच्चारली, याचा शोध घेण्याच्या भानगडीत शहाण्याने पडू नये. कारण ज्या गावाविषयी जुन्या पिढीच्या तोंडी ‘बनी तो बनी, नहीं तो परभणी’ असे उद्गार होते, म्हणजे अन्यत्र जमले तर उत्तम, न जमल्यास परभणी आहेच, अशी ज्याची ख्याती होती, त्या गावाने पुढे स्वतःची तुलना थेट जर्मनीशी करावी, यात विनोदबुद्धी अधिक की स्वाभिमान अधिक, हे ठरविणे कठीण आहे. मीही ही म्हण आजवर हसण्यावारीच नेत आलो. परंतु दळणवळणाच्या एका प्रश्नाचा विचार करीत असता तिच्यात अभावितपणे दडलेला एक अर्थ माझ्या ध्यानी आला, आणि तो वाचकांपुढे ठेवण्यासाठीच हा लेखनप्रपंच.

जर्मनीच्या नैर्ऋत्य भागात कार्ल्सरूहे नावाचे एक शहर आहे. लोकसंख्या तीन लाखांच्या आसपास, म्हणजे २०११ च्या शिरगणतीत परभणी शहराची जेवढी भरली जवळजवळ तेवढीच. या शहराचे मुख्य रेल्वे स्थानक १९१३ साली गावाच्या मध्यभागातून उचलून दक्षिणेकडे नेण्यात आले. त्यामुळे आसपासच्या कसब्यांतून आगगाडीने येणाऱ्या माणसाला स्थानकावर उतरून, ट्रामची वाट पाहून, पुन्हा चढून मग बाजारपेठ गाठावी लागे, आणि या चढउतारीला कंटाळून तो आपली मोटार काढू लागला. यावर तेथील नगर-वाहतुकीच्या चालकांनी जो तोडगा काढला तो वरकरणी इतका साधा आहे की तो आधी कोणाला का सुचला नाही, याचे नवल वाटते. त्यांनी शहराची ट्रामच मुख्य लोहमार्गावर सोडली. शहरातील ७५० व्होल्टचा सरळ प्रवाह आणि रेल्वेचा १५,००० व्होल्टचा प्रत्यावर्ती प्रवाह, अशा दोहोंवर चालणारे डबे बांधून घेतले, आणि २५ सप्टेंबर १९९२ पासून ब्रेटन या गावाहून निघालेली गाडी आगगाडीच्या रुळांवरून धावत येऊन, वाटेत रूळ बदलून, शहराच्या भर पेठेत ट्राम म्हणून उभी राहू लागली. काही आठवड्यांतच त्या मार्गावरील उतारूंची संख्या कित्येक पटींनी वाढली.

आमच्या दृष्टीने याहूनही बोधप्रद असा एक तपशील आहे. कार्ल्सरूहेच्या दक्षिणेस आल्ब नदीच्या खोऱ्यात जाणारा जो जुना लोहमार्ग होता तो मीटरगेज होता. १९५७ पासून त्याचे रुंदीकरण हाती घेण्यात आले, आणि त्या रुंदीकरणाचा हेतू एवढाच होता की खोऱ्यातली गाडी शहराच्या ट्रामच्या रुळांवर थेट यावी. आमचाही मार्ग मीटरगेजच होता, आमचेही रुंदीकरण झाले. परंतु त्याचा हेतू काय होता, हे सांगण्यासाठी थोडे मागे गेले पाहिजे.

हैदराबाद-गोदावरी खोरे लोहमार्ग हा मनमाडपासून हैदराबादपर्यंतचा सुमारे ३९१ मैलांचा मीटरगेज मार्ग १८९९ ते १९०१ च्या दरम्यान निजामाच्या मुलखात टाकण्यात आला, आणि सेलू, मानवत, परभणी, पूर्णा ही आमची नावे आगगाडीच्या वेळापत्रकात प्रथमच छापली गेली. गोदावरीकाठच्या काळ्या जमिनीतला कापूस बाहेर जावा, हा त्यामागचा एक मोठा उद्देश होता. आणि तो कापूस मनमाडास पोचला की तेथल्या रुंद रुळांवरील वाघिणीत गठ्ठागठ्ठ्याने हमालांच्या पाठीवरून चढवावा लागे. पुढे पूर्णेहून हिंगोलीकडे आणि परभणीहून परळीकडे फाटे फुटले, आणि मीटरगेजच्या त्या अमदानीत पूर्णा हे केवळ रेल्वेवर जगणारे, रेल्वेच्या भोंग्यावर उठणारे-निजणारे गाव बनले.

या मार्गावर ‘मानवत रोड’ नावाचे स्थानक आहे. ‘रोड’ हे उपपद रेल्वेच्या परिभाषेत फार प्रामाणिक आहे. त्याचा अर्थ असा की गाव येथे नाही, गावाला जाणारा रस्ता तेवढा येथे आहे. परगावचा उतारू रात्रीच्या गाडीने उतरतो, फलाटावर इकडेतिकडे पाहतो, आणि कापसाची एवढी नामांकित बाजारपेठ कोठे गडप झाली असे विचारतो, तेव्हा त्याला अंधाराकडे बोट दाखविण्यात येते. नाशिक रोडचीही हीच कथा. परंतु नाशिककरांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस स्थानकापासून गावापर्यंत घोड्यांची ट्राम टाकली होती, हे आज किती जणांस ठाऊक असेल? बार्शीला ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जी.आय.पी.) रेल्वेने बगल दिली आणि ‘बार्शी रोड’ नावाचे स्थानक, म्हणजेच आजचे कुर्डुवाडी, तिच्या पदरी टाकले. तेव्हा एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज अभियंत्याने १८९७ मध्ये अडीच फुटी रुंदीचा २१ मैलांचा छोटा लोहमार्ग टाकून गाव आणि स्थानक यांची सोयरीक जुळविली. म्हणजे मोठी गाडी आली की तिच्यापर्यंत माणसाला पोचविणारी लहान गाडीही लागते, हे ज्ञान महाराष्ट्राला सव्वाशे वर्षांपूर्वी होते. मानवतला मात्र ते ‘रोड’ तेवढे मिळाले. तेव्हापासून टांगे, मग काळीपिवळी, मग ऑटो, असे वाहनांचे वंश बदलत गेले, इतकेच.

आणि निजाम सरकारविषयी आपण मराठवाड्यातले लोक, सकारण, फारसे गोड बोलत नाही. तरी न्यायासाठी एक गोष्ट सांगितली पाहिजे. १९३० साली त्या सरकारने रेल्वे चालविणाऱ्या ‘गॅरंटीड’ कंपनीकडून ती आपल्या ताब्यात घेतली आणि १९३२ च्या जूनमध्ये त्याच रेल्वेचा एक विभाग म्हणून प्रवासी मोटारींचे खाते उघडले: २७ बसगाड्या आणि १६६ नोकर. लोहमार्ग आणि सडक या दोहोंचा कारभार एकाच दप्तरातून व्हावा, एकाने दुसऱ्याचे उतारू पळवू नयेत, उलट पोचवावेत, हा त्यातला विचार आज ‘एकात्मिक वाहतूक’ अशा भारदस्त नावाने परिसंवादांत मांडला जातो, तेव्हा मला त्या सत्तावीस मोटारींची आठवण होते. १९५१ च्या नोव्हेंबरात रेल्वे मध्य रेल्वेत विलीन होऊन केंद्राकडे गेली, आणि त्याच महिन्यात मोटारी हैदराबाद राज्य सरकारकडे आल्या. पुढे १९६१ मध्ये मराठवाड्यातली ही बस-सेवा महाराष्ट्राच्या परिवहन महामंडळात सामील झाली, तर १९६६ मध्ये आमची रेल्वे सिकंदराबाद मुख्यालयाच्या दक्षिण-मध्य रेल्वेत गेली. एका घरातले दोन भाऊ वेगळे झाले, दूरदूर राहावयास गेले, आणि आता एकमेकांच्या येण्याजाण्याच्या वेळाही त्यांना ठाऊक नसतात. परभणीचे बसस्थानक आणि रेल्वे स्थानक काही कोसांवर नाहीत. तरी पॅसेंजर दहा मिनिटे उशिरा आली म्हणून जिंतूरची शेवटची एस.टी. थांबली, असे मी आजवर पाहिलेले नाही.

रुंदीकरणाची मागणी हा आमच्या सार्वजनिक जीवनातला एक दीर्घ अध्याय आहे. १९७४ च्या मराठवाडा विकास आंदोलनाची ठिणगी त्या काळी परभणी जिल्ह्यातच असलेल्या वसमतला पडली. गोविंदभाई श्रॉफ यांच्यासारख्या व्रतस्थ पुरुषांनी रुंद लोहमार्गाचा तगादा वर्षानुवर्षे चालू ठेवला. आणि १९९० नंतरच्या दशकात मनमाडकडून रुंद रूळ औरंगाबाद, परभणी, नांदेड असे पुढे सरकत गेले. तो आनंद खरा होता. परंतु त्या मागणीमागे मुंबई आणि दिल्ली यांच्याशी थेट जोडले जाण्याची आकांक्षा होती. पिंगळीचा माणूस परभणीस कसा येईल, हा प्रश्न तिच्यात नव्हता, कारण तेव्हाची सावकाश पॅसेंजर त्याला कशीबशी आणत होतीच. रुळांची रुंदी वाढली, गाड्यांची नावे लांबली, आणि एकेरी मार्गावर पुढच्या गाडीला वाट द्यावयाची म्हणून हीच पॅसेंजर जागोजागी ‘क्रॉसिंगला’ टाकली जाऊ लागली. सेलू, पूर्णा, गंगाखेड येथून रोज अपडाऊन करणाऱ्या शिक्षकाला, कारकुनाला, विद्यार्थ्याला ‘क्रॉसिंग’ या एका शब्दाने जितका मनस्ताप दिला तितका वरिष्ठांच्या ठपक्यानेही दिला नसेल.

आता परिस्थिती पालटू लागली आहे. परभणी ते मुदखेड हा सुमारे ८१ किलोमीटरचा मार्ग दुहेरी झाला. छत्रपती संभाजीनगर ते परभणी या १७७ किलोमीटरच्या दुहेरीकरणास केंद्रीय मंत्रिमंडळाने ३१ जुलै २०२५ रोजी मंजुरी दिली, आणि पाठोपाठ ऑगस्टमध्ये वंदे भारत गाडी जालन्याहून नांदेडपर्यंत वाढविण्यात आल्याने ती परभणीसही येऊ लागली. तिच्या स्वागताला हार-तुरे, छायाचित्रे, सारे यथासांग झाले, आणि त्यात गैर काही नाही. पण त्या गाडीच्या आगमनाने एक गोष्ट आपोआप सिद्ध झाली आहे, जिच्याकडे हारांच्या गर्दीत कोणाचे लक्ष गेले नाही: ही गाडी केवळ विजेवर चालते, अर्थात मनमाडपासून नांदेडपर्यंत विजेच्या तारा तयार आहेत. आणि विजेच्या तारा असल्या की चटकन वेग घेणारी, चटकन थांबणारी, दोन्ही टोकांस चालकाची खोली असल्याने इंजिन फिरविण्याची कटकट नसलेली मेमू गाडी धावू शकते.

माझे म्हणणे एवढेच आहे की सेलू ते नांदेड हा पट्टा एकच नगर-मार्ग मानून त्यावर ठरलेल्या अंतराने, सकाळी आठ ते अकरा आणि संध्याकाळी पाच ते आठ या वेळांत तरी अर्ध्या-अर्ध्या तासाने, मेमू चालविण्याचा विचार दुहेरीकरणाच्या नकाशातच केला जावा. परभणी ते पूर्णा हे अंतर तीस किलोमीटरांच्या आत, आणि तेथून नांदेडही साधारण तेवढेच. जगातील कोणत्याही मध्यम शहराच्या वाहतूक-नियोजनात हे अंतर ‘परगावचे’ न समजता ‘उपनगराचे’ समजले जाते. दुसरा रूळ टाकताना शहराच्या दोन्ही टोकांस एकेक लहान थांबा, साध्या फलाटाचा, बांधता येईल. कृषी विद्यापीठात जाणाऱ्या मुलाने आधी मुख्य स्थानकात उतरून मग ऑटोवाल्याशी घासाघीस करावी, असा काही विधिनियम नाही. पोखर्णी नृसिंहाच्या यात्रेला किंवा फेब्रुवारीत तुराबुल हक यांच्या उरुसाला जो जनसमुदाय लोटतो, त्याच्यासाठी अशा गाड्या वाढविता येतील. आणि रूळ पडून गेल्यावर, भिंती उभ्या राहिल्यावर थांब्याची मागणी करणे म्हणजे पुन्हा तीस वर्षे अर्ज-विनंत्यांचे बाड वाहणे आहे.

येथे कोणी म्हणेल की मग सरळ मेट्रोच का मागू नये? हा मोह अलीकडे प्रत्येक महापालिकेला पडतो, आणि २०११ पासून आमचे शहरही महापालिका आहे. नाशिकसाठी ‘मेट्रो निओ’ नावाची, रुळांऐवजी रबरी चाकांवर धावणारी योजना २०२१ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात २,०९२ कोटींच्या तरतुदीसह जाहीर झाली. घोड्यांच्या ट्रामनंतर तरी नाशिककरांना काही मिळेल असे वाटले होते, पण घोषणेनंतर वर्षे लोटली तरी तिची चाके फिरलेली नाहीत. याउलट नागपूरच्या आसपासच्या गावांना रेल्वेच्या असलेल्याच रुंद रुळांवरून मेट्रोसारखी गाडी जोडावी, अशी जी कल्पना २०१८ पासून मांडली जात आहे, ती तूर्त कागदावर असली तरी तिचा पाया शहाणपणाचा आहे, कारण ती आहे त्या रुळांपासून आरंभ करते.

ट्रामविषयीही भाबडेपणा नको. मुंबईत ९ मे १८७४ रोजी सुरू झालेली, १९०७ मध्ये विजेवर आलेली ट्राम ३१ मार्च १९६४ रोजी बंद पडली, ती लोकांना नकोशी झाली म्हणून नव्हे. मोटारींना रस्ता हवा होता आणि रुळांची अडचण वाटत होती, म्हणून. ज्या कार्ल्सरूहेची मी एवढी स्तुती केली, तेथेही भर पेठेतून मिनिटामिनिटाला धावणाऱ्या पिवळ्या डब्यांची अखंड भिंतच उभी राहिली, आणि अखेर २०२१ च्या डिसेंबरात ट्राम तेवढ्या भागात भुयारातून नेण्यात आली. परभणीच्या गुजरी बाजारात रूळ टाकावेत असे मी सुचविणार नाही. तेथे हातगाडीला वाट मिळत नाही, ट्रामला कोठून मिळणार? पण स्टेशन रोड, वसमत रोड आणि जिंतूर रोड या तीन रुंद सडकांवर ठराविक थांब्यांच्या, ठराविक दराच्या लहान विजेरी बसगाड्या मेमूच्या वेळेशी बांधून सोडता येतील, आणि शहर विकास आराखड्यात त्यांच्यासाठी एक पट्टा आजच राखून ठेवता येईल. हे काम ना मंत्रिमंडळाचे, ना रेल्वे बोर्डाचे; ते आमच्याच महापालिकेच्या नगररचना विभागाचे आहे.

रेल्वेचे नांदेड विभागीय कार्यालय, एस.टी.चे परभणी विभाग नियंत्रक आणि महापालिका आयुक्त, हे तिघे एका मेजाभोवती बसून एकच वेळापत्रक करू शकतील, की त्यासाठीही मुंबई-दिल्लीहून हुकूम यावा लागेल? दुहेरीकरणाच्या भूसंपादनाच्या नोटिसा गावोगावच्या चावडीवर लागतील, तेव्हा मानवत रोडच्या फलाटाचे मापही नव्याने घेतले जाईल. त्याच मोजणीत फलाटाबाहेर दोन बसगाड्या उभ्या राहतील एवढी जागा आखून घ्यावी, आणि शेवटच्या मेमूच्या आगमनाची वेळ एस.टी.ला लेखी कळविण्यात यावी.