रात्रीचा निःशब्द पहारा

पावसाळ्यात भुशीकडची घरे सर्द होतात. फरशीला ओल येते, धुके थेट खिडकीशी उतरते आणि वीज केव्हा जाईल याचा भरवसा नसतो. अशा रात्री वयोवृद्ध माणसाला पलंग ते न्हाणीघर ही दहा पावलांची वाटही जोखमीची ठरते. पाय जमिनीला लागताच मंद दिवा लागावा, ही सोय आता घरातील शाळकरी नातवंडेही करून देऊ शकतात. २०१६ पासून सुरू झालेल्या अटल टिंकरिंग प्रयोगशाळांत सहावी ते बारावीची मुले असेच संवेदक आणि आर्डुइनोचा बोर्ड हाताळतात.

यातील मुख्य घटक म्हणजे अवरक्त चलनसंवेदक. बाजारात तो ‘पीआयआर’ या नावाने मिळतो. एचसी-एसआर५०१ हा त्याचा सर्रास आढळणारा प्रकार. तो स्वतः कोणतेही किरण सोडत नाही. आपल्या शरीरातून उष्णतेचे अवरक्त किरण सतत बाहेर पडत असतात. पांढऱ्या घुमटाकार भिंगामागील संवेदी घटक त्यांतील बदल टिपतो. ‘बदल’ हा शब्द ध्यानात ठेवावा. माणूस निश्चल झाला की संवेदकाच्या लेखी खोली रिकामी!

नेमकी येथेच अनेकांची योजना फसते. ‘हालचाल झाली की घंटा’ ही आज्ञा दिव्यापुरती ठीक. पण पडून निपचित राहिलेल्या माणसाविषयी ती काहीच सांगत नाही. म्हणून काळजीवाहकाच्या खोलीतील घंटेसाठी आज्ञावली उलटी लिहावी. एक संवेदक पलंगापाशी, दुसरा न्हाणीघराच्या दाराशी. दाराशी हालचाल झाल्यावर ठरावीक वेळेत पलंगापाशी ती पुन्हा नोंदली गेली नाही, तर घंटा वाजावी. आपल्या माणसाला एरवी जितका वेळ लागतो, त्याहून दहा मिनिटे अधिक धरावीत. अर्थात दारापर्यंत पोहोचण्यापूर्वीच कोणी पडले, तर ही युक्ती मुकी राहील. तेव्हा उशाशी साधी दाबायची घंटा हवीच.

पलंगाजवळचा संवेदक घोट्याच्या उंचीवर, पलंगाच्या कडेखाली बसवावा. म्हणजे कूस बदलताना दिवा लागत नाही. समोरून येणाऱ्यापेक्षा आडव्या जाणाऱ्या माणसाची चाहूल त्याला लवकर लागते. काचेपलीकडचे मात्र त्याला दिसत नाही, कारण शरीराचे हे किरण साध्या काचेतून जात नाहीत. मांजर आणि हीटर त्याला फसवतात.

ओल धरलेल्या भिंतीवर घरातील २३० व्होल्टच्या जोडणीला हौशी हात लावू नये. पाच व्होल्टची एलईडी पट्टी पुरते. पॉवर बँक वापरल्यास ती रात्रभर चालू राहते ना, हे आधी तपासावे. काही पॉवर बँका विजेचा वापर अगदी थोडा असला की आपोआप बंद होतात.

दिवा लागला म्हणून झटकन उठू नये. झोपेतून एकदम उभे राहिल्यास रक्तदाब उतरून घेरी येऊ शकते. मिनिटभर कडेला बसावे. रात्रीच्या फेऱ्या अचानक वाढल्या, तर त्यांची नोंद डॉक्टरांना दाखवावी. मधुमेह, मूत्रमार्गाचा संसर्ग, प्रोस्टेटचा त्रास किंवा लघवीचे औषध घेण्याची वेळ, यांपैकी काहीही कारण असू शकते.

आणि हे सारे बसविण्यापूर्वी ज्यांच्यासाठी बसवायचे, त्यांना विचारावे. यात कॅमेरा नाही, चेहरा दिसत नाही, हे त्यांना नीट समजावून सांगितले, तर बहुधा नकार येत नाही.