चकमकीची पहिली बातमी कोण लिहितो?

#थ्रेड

१/ बखर हाती घेताच इतिहासाचा विद्यार्थी विचारतो : ही कोणी लिहिली आणि कोणासाठी? पोलीस चकमकीची बातमी वाचताना हा प्रश्न आपण विसरतो. माझे मत असे की, पहिल्या दिवसाची ती बातमी म्हणजे पोलिसांनी स्वतःविषयी सांगितलेली बखरच असते.

२/ ११ जानेवारी १९८२ रोजी वडाळ्यात मन्या सुर्वे मारला गेला. मुंबईतील पहिली नोंदलेली चकमक म्हणून ती सांगितली जाते. १६ नोव्हेंबर १९९१ रोजी लोखंडवाला संकुलात माया डोळस आणि त्याचे साथीदार मारले गेले. दोन्ही घटनांवर पुढे हिंदी चित्रपट निघाले.

३/ हे घडते कसे? गुन्हेवार्ताहराला रोज बातमी हवी असते आणि ती पोलिसांकडेच असते. चकमकीला त्रयस्थ साक्षीदार बहुधा नसतो. मृत माणूस आपली बाजू मांडत नाही. मग ‘स्वसंरक्षणार्थ गोळीबार’ हे पोलिसांचे म्हणणे अवतरणचिन्हे गळून थेट बातमीचे वाक्य बनते.

४/ पुढे मराठी वृत्तपत्रांत ‘चकमकफेम’ हे विशेषण रुळले. अधिकाऱ्याच्या नावासोबत चकमकींचा आकडा छापला जाई, फलंदाजाच्या धावा छापाव्यात तसा. २००४ च्या ‘अब तक छप्पन’ या चित्रपटाच्या नावातही आकडाच आहे.

५/ १९९५ ते १९९७ या काळातील मुंबईच्या ९९ चकमकी, त्यांत सुमारे १३५ मृत्यू. हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. २३ सप्टेंबर २०१४ च्या निकालाने स्वतंत्र तपास आणि दंडाधिकारी चौकशी आवश्यक ठरवली. चकमकीनंतर लगेच बढती वा शौर्यपुरस्कार देण्यासही मनाई केली.

६/ नोव्हेंबर २००६ मधील लखनभैया प्रकरणही आधी ‘चकमक’च होते. २०१३ मध्ये सत्र न्यायालयाने १३ पोलिसांसह २१ जणांना जन्मठेप सुनावली. पहिल्या बातमीपासून त्या निकालापर्यंत जवळजवळ सात वर्षे गेली.

७/ आता आमच्या चामटोलीजवळचे बदलापूर. ऑगस्ट २०२४ मध्ये शाळेतील दोन चिमुरड्यांवरील अत्याचाराची तक्रार नोंदवण्यास पोलिसांनी विलंब केला, म्हणून लोक रेल्वेमार्गावर उतरले. २३ सप्टेंबर २०२४ रोजी, म्हणजे त्या निकालाला बरोबर दहा वर्षे झाली त्याच दिवशी, आरोपी मुंब्रा बायपासवर पोलिसांच्या गाडीत मारला गेला. त्याने पिस्तूल हिसकावले, असे पोलिसांनी सांगितले. लगोलग ‘बदला पुरा’चे फलक झळकले.

८/ जानेवारी २०२५ मध्ये दंडाधिकाऱ्यांच्या अहवालाने पाच पोलिसांना या मृत्यूस जबाबदार धरले. त्याचे फलक लागले नाहीत. शिवाय आरोपीवरील खटला पुराव्यांच्या कसोटीला लागलाच नाही. आणि तक्रार नोंदवायला उशीर का झाला, हा मूळ प्रश्न जल्लोषात मागे पडला. ज्या पोलिसांवर लोक ऑगस्टमध्ये संतापले होते, त्यांचेच सप्टेंबरमध्ये कौतुक झाले. प्रतिमा घडते ती अशी.

९/ पोलिसांचे शौर्य खोटे, असा याचा अर्थ नाही. २६/११ ला तुकाराम ओंबळे यांनी दाखवलेले धैर्य साऱ्या देशाने जाणले. पण तेथे कसाब जिवंत पकडला गेला, खटला चालला आणि न्यायालयात सारे सिद्ध झाले. खऱ्या शौर्याला चौकशीचे भय नसते.

१०/ म्हणून मित्रहो, ‘चकमकीत ठार’ असे वाचाल तेव्हा ‘पोलिसांच्या म्हणण्यानुसार’ हे दोन शब्द मनाशी जोडा. आणि सहा महिन्यांनी तीच घटना पुन्हा शोधा. आतल्या पानावर कोपऱ्यात छापलेली ती चार ओळींची बातमी उद्याच्या इतिहासकाराला अधिक उपयोगी पडेल.