वय वर्षे ७८!

मैत्रिणींनो, "आता या वयात काय नवीन करायचं?" असं आपण पस्तिशीतच म्हणू लागतो, नाही का? मग जोन हिक्सन या इंग्लिश नटीची गोष्ट ऐकाच.

जन्म १९०६ चा. युद्धानंतरच्या कितीतरी ब्रिटिश चित्रपटांत बाई दिसतात. पण कुठे घरमालकीण, कुठे नर्स. दोन-चार मिनिटांचं काम, की संपलं! १९४५ च्या सुमारास अगाथा ख्रिस्तीने त्यांना नाटकात पाहिलं आणि पत्राने कळवलं, की माझी मिस मार्पल तुम्ही कधीतरी करावी. मिस मार्पल म्हणजे विणता विणता खुनाचा छडा लावणारी खेड्यातली म्हातारी. १९६१ मध्ये तिच्यावरचा चित्रपट निघाला. पण मार्पल झाल्या मार्गारेट रदरफर्ड, अन् हिक्सनबाईंच्या वाट्याला आली घरकामाची बाई! तेही त्यांनी चोख केलं.

अखेर १९८४ साली बी.बी.सी.ने त्यांना मिस मार्पल म्हणून पडद्यावर आणलं, तेव्हा वय ७८! १९९२ पर्यंत मार्पलच्या बाराही कादंबऱ्या त्यांनी केल्या. ते बघायला ख्रिस्ती मात्र नव्हत्या; त्या १९७६ मध्येच गेल्या.

तेव्हा हातातलं छोटं काम नीट करू या. आणि अर्धवट राहिलेली ती परीक्षा, ती पेटी? यंदा काढाच बाहेर!