सर्टिफिकेट भिंतीवर, पोट्टं पुण्यात अन् दावा कचेरीत



गेल्या महिन्यात आपल्या भागातल्या गावांमधून भोंगा लावलेली एक गाडी फिरून गेली. दहावी पास असो की नापास, वय 18 ते 35, तीन महिने मोफत प्रशिक्षण, राहणं-खाणं फुकट, वर नोकरी, असा पुकारा झाला. आता त्या लोकांना गावाकडून नावांची यादी पाहिजे. दोन-तीन गावांतून निरोप आला, की संघटनेचं काय म्हणणं आहे ते सांगा, द्यायची का नावं? म्हणून हा लेख.

आधी आमची चूक कबूल करतो. चार वर्षांमागं अशीच एक गाडी आली होती. तेव्हा आम्हीच याच पत्रकात दोन ओळी छापल्या, की पोरांनी फायदा घ्यावा. आमच्याच हातानं चौदा नावं लिहून दिली. काम कोणतं, गाव कोणतं, पगार किती, काहीच विचारलं नाही. पोरं तीन महिने शिकली. ताट कसं वाढायचं, गिऱ्हाइकाला नमस्कार कसा करायचा, इंग्रजीत चार वाक्यं कशी बोलायची, हे शिकली. मग त्यांना मोठ्या शहरात नेलं. कागदावर पगार बरा होता. हातात येताना त्यातून खोलीभाडं गेलं, खानावळ गेली, कपड्याचे पैसे गेले. दिवाळीला अकरा जण घरी आले ते परत गेलेच नाहीत. तिघं टिकले. त्यातला एक आज चांगला कमावतो, घरी पैसे पाठवतो, बहिणीचं लग्न त्यानं केलं. त्याचा आम्हाला आनंद आहे, तो लपवायचा नाही.

पण त्याच अकरांमधल्या एकाच्या घरी काय झालं तेही सांगितलं पाहिजे. पोरगा तिकडं असताना इकडं त्याच्या बापाच्या वनहक्काच्या वावराची मोजणी आली. घरात वाचता येणारा तोच एक. बापानं अंगठा दिला. तीन एकराचं वावर, कागदावर आलं पाऊण एकर. आज ते सर्टिफिकेट फ्रेम करून भिंतीवर टांगलं आहे, अन् राहिलेल्या सव्वादोन एकरासाठी बाप-लेक कचेरीच्या पायऱ्या झिजवतात. म्हातारा म्हणतो, "पोट्टं शिकलं, पन ज्याची गरज होती ते कोनं शिकवलंच नाई."

या एका वाक्यात आमचं सगळं म्हणणं आलं. पण नीट उलगडून सांगतो.

प्रशिक्षणाची ही गोष्ट नवी नाही. म्हाताऱ्या माणसांना 'ट्रायसेम' आठवत असेल. 15 ऑगस्ट 1979 ला सुरू झालेली ती योजना. गावातल्या गरीब तरुणांना स्वयंरोजगाराचं शिक्षण द्यायचं, त्यात निम्म्या जागा अनुसूचित जाती-जमातींना, असं ठरलं होतं. बायांना शिलाई, पोरांना सायकल दुरुस्ती. वीस वर्षं चालली, मग 1999 साली तिचं विसर्जन स्वर्णजयंती ग्राम स्वरोजगार योजनेत झालं. त्याच्या आदल्याच वर्षी, 1 जुलै 1998 ला, आपला वाशीम जिल्हा अकोल्यातून वेगळा झाला. जिल्हा बदलला, योजनेचं नाव बदललं. पुढं 2014 साली दीनदयाळ उपाध्याय ग्रामीण कौशल्य योजना आली, 2015 साली प्रधानमंत्री कौशल्य विकास योजना आली, 2023 साली राज्यात एकाच दिवशी 511 प्रमोद महाजन ग्रामीण कौशल्य विकास केंद्रांचं उद्घाटन झालं. वाशीमला 2018 पासून 'आकांक्षित जिल्हा' म्हणतात. म्हणजे मागास जिल्हाच, नाव तेवढं गोड. त्या यादीतही कौशल्य विकास हा मोजायचा एक विषय आहे.

मोजायचा, हा शब्द ध्यानात ठेवा. सगळी गोम तिथं आहे. किती पोरं वर्गात बसली, किती पास झाली, किती सर्टिफिकेटं वाटली, हे मोजतात. प्रशिक्षण देणाऱ्या संस्थेला पैसा मिळतो तो बहुतेक या मोजणीवर. पोरगा वर्षानंतर कुठं आहे, काय खातो, याची नोंद ठेवणारा कुणी नाही.

हे आम्ही रागानं बोलत नाही. सरकारचा हिशेब तपासणारे जे महालेखापरीक्षक आहेत, त्यांनी प्रधानमंत्री कौशल्य विकास योजनेची 2015 ते 2022 ची तपासणी केली अन् तो अहवाल डिसेंबर 2025 मध्ये संसदेत ठेवला गेला. त्यात काय निघालं? अल्पमुदतीचं शिक्षण घेऊन सर्टिफिकेट मिळालेल्या शंभरातल्या साधारण 41 जणांनाच काम लागलं. नोंदवलेल्या माणसांपैकी शंभरातल्या 94 जणांच्या बँक खात्याची माहिती धड नव्हती. रकाने कोरे किंवा निरर्थक आकडे. ज्याच्या खात्याचा पत्ता नाही त्याला पैसा कसा पोचला असेल? आपल्याकडं एका सातबाऱ्यात एक अक्षर चुकलं तर वर्षभर फिरवतात. तिथं लाखोंचे रकाने कोरे, तरी योजना यशस्वी.

राज्य सरकारची मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजना 2024 ची. बारावी पासला महिन्याला 6 हजार, आयटीआय किंवा पदविकेला 8 हजार, पदवीधराला 10 हजार. आपली काही पोरं-पोरी ग्रामपंचायतीत, शाळेत, दवाखान्यात त्यात लागली. मन लावून काम केलं. आधी सहा महिने, मग मुदत वाढवून अकरा महिने. मुदत संपली की घरी. काम तर तिथं होतंच, माणूस पाहिजेच होता, पण तो कायमचा नको होता. याला प्रशिक्षण म्हणायचं की स्वस्तातली मजुरी, हे तुम्हीच ठरवा.

आता दुसरी बाजू. आमच्याच बैठकीत एका पोरीनं आम्हाला सुनावलं. ती म्हणाली, "तुमी म्हणता वावर सांभाळा. पन दोन एकरात चार भावंडं कशी जगतीन? मले नर्सिंग शिकाचं हाये, त तुमी कोन थांबवनारे?" तिचं म्हणणं सोळा आणे खरं आहे. वनहक्क कायद्यात एका कुटुंबाला जास्तीत जास्त 4 हेक्टर. प्रत्यक्षात मिळतात दोन-तीन एकर, तेही बरड. सोयाबीन-तूर पावसावर. पोरं शहरात जाणारच, अन् ज्याला जायचं त्यानं जावंच. आदिवासीच्या पोरानं जंगलातच राहावं असं म्हणणारे आपण नाही. ते म्हणणारे दुसरे आहेत, अन् जंगलातून हाकलणारेही तेच आहेत.

पण त्या पोरीला जे पाहिजे ते खरं शिक्षण आहे. नर्सिंगला वर्षं लागतात. आयटीआयमध्ये वायरमन, इलेक्ट्रिशियन, फिटर हे धंदे दोन वर्षांचे, वेल्डर एक वर्षाचा. तिथं आपल्या राखीव जागा आहेत. शिकून झाल्यावर 1961 च्या शिकाऊ उमेदवारी कायद्याखाली कारखान्यात उमेदवारी करता येते, तिला विद्यावेतन असतं. त्या हाताला कुठंही किंमत आहे, अन् गावातली मोटार बिघडली तर तोच हात कामी येतो. तीन महिन्यांचा कागद अन् दोन वर्षांचा हात यांत फरक आहे. म्हणून ज्याला जायचं त्यानं जमेल तर लांबची वाट धरावी. अर्ज, जातीचा दाखला, वसतिगृह यासाठी अकोल्याच्या आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयात खेटे घालावे लागले तर संघटना सोबत येईल.

अन् जे गावात राहणार आहेत, त्यांच्या शिक्षणाचं काय? यावर मात्र कुणाचाच भोंगा वाजत नाही.

पंतप्रधान विश्वकर्मा योजना घ्या, 2023 ची. अठरा धंदे, त्यात टोपली-चटई-झाडू करणारेही आहेत. पाच-सात दिवसांचं शिक्षण, दिवसाला 500 रुपये, अवजारांसाठी 15 हजारांपर्यंत. चांगलं आहे, घ्यावं. पण टोपली विणायला ज्या म्हाताऱ्याला आयुष्य गेलं, त्याला पाच दिवसांत काय शिकवणार? त्याची अडचण विणण्याची नाही. त्याची अडचण बांबूची आहे. बांबू आणायला गेला की गार्ड कोयता जप्त करतो. खरं तर वनहक्क कायद्यानं बांबू हे गौण वनोपज आहे, अन् त्यावर हक्क गावाचा आहे. 2012 च्या दुरुस्तीनं तर वनोपजाचा वाहतूक परवाना देण्याचा अधिकारही ग्रामसभेनं नेमलेल्या समितीला दिला. हा परवाना कसा लिहायचा, त्याची नोंदवही कशी ठेवायची, हे शिकवणारं केंद्र आम्ही तरी आजवर पाहिलं नाही. अवजार दिलं अन् माल अडवला, तर कौशल्य कशावर चालवायचं?

आपल्या जिल्ह्यात अनुसूचित क्षेत्र नाही, म्हणून पेसा इथं लागू नाही. यावरून काही साहेब सांगतात की तुमच्या ग्रामसभेला अधिकारच नाहीत. हे खोटं आहे. वनहक्क कायदा 2006 चा, तो पेसा असो नसो, सगळीकडं लागू आहे. दावा मंजूर झाल्यावर जमीन सुधारणा, उत्पादन वाढ, इतर सरकारी योजना या गावापर्यंत पोचवायची जबाबदारी त्याच कायद्याच्या नियम 16 नं सरकारी खात्यांवर टाकली आहे. प्रशिक्षण मागायचं तर या नियमावर बोट ठेवून मागा. भीक म्हणून नको.

ज्यांनी असं शिकून घेतलं त्यांचं काय झालं, तेही बघा. गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावानं आधी अभ्यासगट चालवले. रात्री बसून कायदा वाचला, प्रश्न काढले, जाणकाराला बोलावून विचारले. 2009 साली सामूहिक वनहक्क मिळाला अन् 2011 मध्ये गावानं स्वतःचा बांबू स्वतः विकला. आपल्या शेजारच्या अमरावती जिल्ह्यातलं पायविहीर. 2012 साली हक्क मिळाला, उजाड माळ लोकांनी राखून, झाडं लावून हिरवा केला. सीताफळं तोडायची कशी, प्रतवारी कशी करायची, पेटीत भरायची कशी, हे शिकले अन् मुंबईपर्यंत विकली. ते शिक्षण गावाच्या कामातून निघालं, गावात झालं, अन् शिकलेला माणूस दुसऱ्या दिवशी कामाला लागला.

म्हणून आमची मागणी अशी. आपल्या पोरा-पोरींना जीपीएसनं हद्द मोजणं, नकाशा वाचणं अन् दाव्याची फाईल लावणं शिकवा. सामूहिक वनाचा व्यवस्थापन आराखडा लिहिणं, ग्रामसभेचं दफ्तर अन् हिशेब ठेवणं शिकवा. मोहफूल, चारोळी, डिंक साठवून भाव येईपर्यंत टिकवणं शिकवा. मोटार-पंप, सौरपंप दुरुस्ती अन् जनावरांचा प्रथमोपचार शिकवा. जेवढे दिवस शिकतील तेवढ्या दिवसांची मजुरी द्या. कारण गरीब माणसाचा दिवस फुकटचा नसतो.

हे ऐनवेळी नको. फेब्रुवारी 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दावे फेटाळलेल्यांना काढायचा आदेश दिला होता. 13 तारखेचा आदेश, 28 ला स्थगिती. त्या पंधरा दिवसांत आपण कसे रात्र-रात्र जागून कागद शोधत होतो, ते आठवा. गावात कागद समजणारे चार जण असते तर तेवढी घालमेल झाली नसती.

आता त्या गाडीचं काय? हाकलू नका. येत्या ग्रामसभेत त्यांना बोलवा अन् सगळ्यांसमोर पाच प्रश्न विचारा.

एक, शिकून कोणतं काम, कुठल्या गावात, कोणाकडं? लेखी द्या.

दोन, सगळं कापून पोराच्या हातात महिन्याला किती पडतील? राहायचा खर्च कोणाचा?

तीन, मागच्या तुकडीतल्या पाच पोरांचे फोन नंबर द्या, आम्ही इथंच बसून विचारतो.

चार, पोरींच्या राहण्याची काय सोय, आजारी पडली तर कोण बघणार, परत यायचं झालं तर भाडं कोण देणार?

पाच, मूळ कागदपत्रं ठेवून घेणार का? ठेवून घेणार असतील तर तिथंच नाही म्हणा. झेरॉक्सवर भागतं.

उत्तरं वहीत लिहा, त्यांची सही घ्या. उत्तर नीट आलं तर ज्या पोराला जायचं त्याला खुशाल जाऊ द्या. पण ज्या घराचा दावा चालू आहे, मोजणी बाकी आहे, त्या घरातला वाचणारा माणूस मोजणी होईपर्यंत गावातच ठेवा. तसंच नियम 16 खाली आपल्याला कोणतं शिक्षण पाहिजे, त्याचा ठराव त्याच सभेत करा. निम्मे लोक हजर पाहिजेत, त्यात एक तृतीयांश बाया, नाहीतर ठराव कच्चा राहतो. एक प्रत तहसीलला, एक प्रकल्प कार्यालयाला, पोच घ्या, अन् एक गावाच्या पेटीत ठेवा.

चार वर्षांमागं आम्ही न विचारता नावं दिली. या खेपेला विचारल्याशिवाय एकही नाव द्यायचं नाही.

जोहार! जिंदाबाद!