फोटो आपला, तर मांडणीही आपली हवी

लातूरचं नाव देशभर नेणारे फोटो कोणते? 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटेच्या भूकंपानंतरचे किल्लारीचे ढिगारे. 2016 च्या दुष्काळात, एप्रिलमध्ये मिरजेहून आलेली पाण्याची रेल्वे. हे फोटो खरे होते, ते निघणं गरजेचंही होतं. पण संकटात सापडलेल्या माणसाला आपण कसं दिसायचं हे ठरवायची सवड नसते. ते दुसराच कुणीतरी ठरवतो आणि तीच त्या मुलखाची ओळख होऊन बसते.

पालघर जिल्ह्यातल्या जव्हारचं असंच झालं. वावर-वांगणीतल्या बालमृत्यूंनी 1992-93 मध्ये हा तालुका बातम्यांत आला आणि कुपोषणाचा शिक्का त्याला कायमचा चिकटला. दिल्लीच्या छायाचित्रकार गौरी गिल यांनी 2015 मध्ये तिथे वेगळंच काम सुरू केलं. या भागात बोहाड्याच्या उत्सवात देवादिकांची सोंगं निघतात. त्यांचे कागदाच्या लगद्याचे मुखवटे घडवणाऱ्या सुभाष आणि भगवान धर्मा कडू या भावांना व त्यांच्या सहकाऱ्यांना गिल यांनी आजच्या जगण्यातले मुखवटे करायला सांगितले. ते चढवून गावकरीच घरात, दुकानात, दवाखान्यात प्रसंग रचून कॅमेऱ्यासमोर उभे राहिले.

अंगावर रोजचेच कपडे आणि खांद्यांवर एखाद्या पशुपक्ष्याचं नाहीतर टीव्हीचं डोकं! चेहरा झाकल्यामुळे बघणाऱ्याला त्यावर दैन्य शोधता येत नाही. मग लक्ष जातं ते बसण्याच्या ढबीकडे, हातांच्या ठेवणीकडे. कीव करायला वावच राहत नाही. ‘अ‍ॅक्ट्स ऑफ अ‍ॅपिअरन्स’ ही मालिका 2017 मध्ये ‘डॉक्युमेंटा’ या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात लागली, पुढच्या वर्षी न्यूयॉर्कला गेली.

रचलेला फोटो म्हणजे खोटा, असा आक्षेप येईल. पण मुलगी दाखवण्यासाठी स्टुडिओत काढलेला फोटो तरी कुठे न रचलेला होता? रंगवलेला पडदा, उसनी साडी, कुंडीवर टेकवलेला हात. तिथे फोटोग्राफर सांगेल तसं उभं राहावं लागे. जव्हारच्या माणसांनी स्वतःचं सोंग स्वतः वठवलं. मोठा फरक आहे हा.

नांदेड-लातूरला तर अशा फोटोंची तयारी आयतीच आहे. गणेशोत्सवातले जिवंत देखावे उभे करणारी पोरं आहेत, बहुरूपी आहेत, वाघ्या-मुरळी आहेत, चित्रकलेचे शिक्षक आहेत. नांदेड जिल्हा परिषद माळेगावच्या यात्रेत लोककलांना व्यासपीठ देते. तिथेच एक मंडप अशा फोटोंसाठी राखावा. आधी जव्हारचे फोटो मोठे करून लावावेत, जमल्यास कडू बंधूंना बोलवावं. पुढच्या वर्षी लोहा-कंधारच्या, औसा-निलंग्याच्या लोकांनी आपापले प्रसंग रचावेत. जव्हारमध्ये कॅमेरा गिल यांच्या हाती होता. इथे तो गावातल्याच एखाद्या मुलीच्या हाती द्यावा आणि फोटोखाली तिच्यासोबत, ज्यांची संमती असेल त्या सगळ्यांची नावं छापावीत.